ते एक वाक्य मला म्हणता येत नव्हतं

इंदू,

आपण दोघांनी मिळून शेवटचं काय केलं, तर वायर गुंडाळली. समोरच्या मालूबाईच्या घरातून आपल्या कट्ट्यापर्यंत ओढलेली ती लांब काळी वायर. मी कोपरापासून तळव्यापर्यंत वेढे घालत पुढं येत होतो, तू मागून पीळ सोडत होतीस. मध्येच ओरडलीस, "अवं, उलटं गुंडाळतायसा. उद्या गाठ बसंल."

"उद्याचं उद्या बघू."

"उद्या बघायचं न्हाय, उद्या म्हणायचं. तुमचं तेवढं एक वाक्य राहिलंय."

"बरं बाई, म्हणतो उद्या. आता पाठ सोड."

तू हसलीस. वायर खुंटीला अडकवलीस आणि जरा पडते म्हणून आत गेलीस. छातीत जड वाटतंय म्हणालीस, पाणी मागितलंस. मी तांब्या भरून आणला तोवर तू गेलेली होतीस. असं कुठं असतं काय? माणूस पाणी मागतंय आणि पाणी यायची वाट बघत न्हाय?

बारावं झालं. पाहुणे आपापल्या गावाला गेले. काल बसू आलता. लग्नाचे व्हिडिओ काढणारा तुझा वडगावचा बसू. दाराशी चप्पल काढून उभाच राहिला. मी म्हटलं, "बस की." तर म्हणाला, "आप्पा, पिक्चर सगळा जोडून झालाय. शेवट तेवढा सांगा. त्या दिवशी सकाळी घेतला तो ठेवायचा, का काढून टाकायचा? तुम्ही सांगाल तसं." तू गेलीस त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी मी कॅमेऱ्यापुढं बसलो, हे आता सगळ्या गल्लीला ठाऊक आहे. वाक्य चुकीचं म्हणालो, हे बसूला आणि तुझ्या बहिणीला ठाऊक आहे. ठेवायचं का काढायचं, हे कुणालाच ठाऊक नाही. मलाही नाही. म्हणून तुला लिहितोय. तू असतीस तर ही पाळीच आली नसती. तू मला विचारलंच नसतंस.

तुझं हे पिक्चरचं खूळ कुठून सुरू झालं, हे लोक मला आता विचारतात. मी काय सांगणार? आपल्या पुतणीच्या लग्नात तू बसूच्या मागं मागं फिरत होतीस, एवढं मी बघितलं. त्याला म्हणत होतीस, "नवरानवरी काय पळून चाललीत काय? तिकडं स्वैपाकघरात बघ, पोरीची आत्या कांदा चिरत बसलीया आणि कांदा संपलाय तरी रडतीया. ते घे." त्या येड्यानं ते घेतलं. कॅसेट बघायला सगळे जमले तर मंगळाष्टकं न्हाईत, हार न्हाईत, नुसती आत्या! नवऱ्याकडची माणसं बसूच्या अंगावर धावली. तू मध्ये उभी राहिलीस आणि म्हणालीस, "हार काय, समद्यांच्याच लग्नात असत्यात."

पुढं बसू तुला म्हणाला, आक्का, आषाढात माझा कॅमेरा घरी बसून असतोय, लग्नं न्हाईत, काय काढायचं ते काढ. तिथनं सुरू. आषाढ आला की कॅमेरा, पितृपंधरवडा आला की कॅमेरा. लोकांची लग्नं बंद झाली की आपलं घर सुरू. म्हणून तुझ्या समद्या पिक्चरांत पाऊस आणि चिखल. बेंगळूरला एक दाखवला तवा एका चष्मेवाल्यानं उठून विचारलं, तुमच्या कामात पाऊस हा दुःखाचं प्रतीक आहे काय? तू म्हणालीस, "न्हाय ओ, लग्नाचा सीझन नव्हता." लोक हसले. येताना गाडीत तू बेळगाव येईपर्यंत माझ्याशी बोलली न्हाईस. मी काय केलं होतं? मी पण हसलो होतो, एवढंच.

दुसरी गोष्ट आवाजाची. आपली बेळगावातली शहापूरची विणकरांची गल्ली म्हणजे दिवसभर मागांची खडखड. शेजारच्याला हाक मारायची तर हातवारे करावे लागतात. तिथं माणसं बोलतात त्याचा पिक्चर कसा काढणार? करंट गेल्यावर. करंट गेला की समदी गल्ली वीजवाल्यांच्या आयामाया काढायची आणि तू पदर खोचून बाहेर पळायचीस, "चला, चला, गेला! मालू, तोंड धू! बसू, लाव!" मालूबाईचं घर समोर, पण कोपऱ्यावरचं, तिची लाईन बाजाराकडची, म्हणून तिच्याकडनं दिव्याला वायर ओढायची. आणि करंट परत यायच्या आत बोलून घ्यायचं. तुझी माणसं पिक्चरमध्ये एवढं भरभर का बोलतात, हे त्या चष्मेवाल्यानं विचारायला पाहिजे होतं.

तुला खरं सांगतो, तुझे पिक्चर मला कळले न्हाईत. हे मी तुझ्या तोंडावर म्हणालोय. पहिला निपाणीच्या विडीवाल्या बायांवरचा, त्यात तुझी बहीण सुंद्रा. मला वाटलं आता काहीतरी होईल, मग होईल. हॉलातला दिवा लागला. मी म्हटलं, झालं? तू म्हणालीस, झालं. दुसरा कन्नड सुनेचा. तो कोल्हापूरच्या लोकांना कन्नड वाटला आणि बेंगळूरच्या लोकांना मराठी वाटला. दोन्हीकडनं परत आला. तू म्हणालीस, "दोघांच्या बी पंगतीत जागा न्हाय, तर आपल्याच कट्ट्यावर जेवू." आणि मंगल कार्यालयात पडदा बांधून गल्लीला दाखवलास. मालूबाईनं स्वतःला एवढं मोठं बघितलं आणि किंचाळली, "आगं बाई, माझी मान अशी हाय?"

पण तुला काढताना बघायला मला आवडायचं. हे मात्र कधी म्हणालो नाही. तू बसूच्या मागं कमरेवर हात ठेवून उभी राहायचीस, ओठ हलवत. समोरचा जे बोलतोय ते तू आधी ओठांत बोललेली असायचीस. माग विकल्यावर मी घरात नुसता बसून होतो. तू माझ्या हातात छत्री दिलीस आणि म्हणालीस, कॅमेऱ्यावर धरा, तुमच्या डोक्यावर न्हवं. तेवढ्या कामानं मी पुन्हा माणसांत आलो. हे तुला कळलं होतं का नव्हतं? आता कुणाला विचारू?

हा शेवटचा पिक्चर. नाव अजून नाही. तुझी रीत होती, पिक्चर पुरा झाल्यावर नाव, बारशासारखं. ह्यात तू मलाच उभं केलंस. म्हातारा आहे, त्याची बायको वारलीय. म्हातारा आंघोळ करतो, भाजी आणतो, दार लावतो, दार उघडतो. ते समदं मी केलं. मला काय, मी तेच करतो रोज. शेवट असा की म्हातारा कट्ट्यावर बसलाय. ओळखीची एक बाई लांबून येते, तिला बिचारीला काही ठाऊक नाही. ती विचारते, "आक्का हाय काय घरात?" आणि म्हातारा म्हणतो, "न्हाय. गेली ती." संपलं.

ते मला म्हणता येईना.

"तू समोर धडधडीत उभी, आणि मी म्हणू बायको गेली? माझ्या तोंडानं?"

"अवं, नाटकात राजा मरतोय तवा काय खरा मरतोय काय?"

"त्यो राजा माझी बायको न्हाय."

समदी गल्ली हसली. तू न्हाय हसलीस. मग करंट गेला की रोज तेच. सुंद्रा निपाणीहून एसटीनं यायची, गल्लीच्या तोंडापासून चालत यायची, विचारायची, आणि मी नुसता तिच्याकडं बघायचो. बसू म्हणाला, आप्पा, ओठ हलवा, आवाज मागनं घालू. तू म्हणालीस, तोंड खोटं दिसतंय. मालूबाई जाता-येता टोमणा मारायची, "काय आप्पा, गेली काय न्हाय अजून?" वाण्याच्या दुकानात सुद्धा तेच. मी एकदा तुझ्यावर ओरडलो, "एवढं खरं पाहिजे तर मरूनच बघ, मग म्हणतो!" न्हाय, हे मी ओरडलो नव्हतो. मनात आलं होतं. जिभेवर आलं आणि गिळलं. की बोललोच होतो? इंदू, माझा आता गोंधळ होतोय.

आपलं भांडण तिथंच राहिलं. मी म्हणत होतो, अभद्र बोलू नये, बोललं की वास्तुपुरुष तथास्तु म्हणतो. तू म्हणत होतीस, "मला खरं नकोच हाय. खरं माणूस कॅमेऱ्याकडं बघतंय. मला केलेलं पाहिजे. करून दाखवा." मी उद्या म्हणतो म्हणालो आणि तासाभरात तू गेलीस. नुसतं म्हणतो म्हटलं तरी तथास्तु लागतं काय? भटजींना विचारलं, ते म्हणाले असं काही नसतं. सुंद्राला विचारलं, ती म्हणाली, "दाजी, येड लागलंय काय?" बरं, नसेल. पण मग दुसरं काय झालं, हे पण कुणी सांगत न्हाय.

आणि त्या संध्याकाळचं तुला ठाऊक नाही ते सांगतो. तांब्या तसाच ठेवला. तुझा हात धरून बघितला. मग बाहेर आलो. करंट आलेला, माग खडखडत होते. मालूबाई तिच्या दारात तांदूळ निवडत होती. मी कट्ट्यावर उभा राहून जोरात म्हणालो, "इंदू गेली!"

मालूबाईनं सूप खाली ठेवलं आणि टाळी वाजवली. "आत्ता कसं! आप्पा, आत्ता कसं बरोबर म्हटलासा! जावा, जावा, आक्काला म्हणून दाखवा, पळा!"

आणि मी वळलो, इंदू. देवाशप्पथ. मी खरंच वळलो आणि तुला सांगायला आत आलो. दोन खोल्या ओलांडून पलंगापाशी आल्यावर मला कळलं, मी काय सांगायला आलोय. मग बाहेर गेलो न्हाय. तिथंच बसलो. मालूबाई उशिरानं आली, "काय म्हणाली आक्का?" म्हणत. बाईचा काय दोष? तिनं त्या दिवसापासून आपल्या दारात तांदूळ निवडलेले न्हाईत. मला बघितलं की आत जाते. तिला सांगायला पाहिजे की तुझी चूक नव्हती. तू सांगितलं असतंस. मला जमत न्हाय.

आणखी एक. तुझं म्हणून मला जे आठवतं, त्यातलं आपलं कोणतं आणि पिक्चरमधलं कोणतं, ते मला वेगळं करता येईना झालंय. संकेश्वरच्या स्टँडवर तू उसाची मोळी पायाशी ठेवून उभी आहेस, गाडी येते, तू माझ्याकडं वळून बघतेस. हे मला एवढं लख्ख दिसतं! काल बसूला सांगितलं. तो खाली बघून म्हणाला, "आप्पा, ती आक्का न्हवं. ती सुंद्राक्का. दुसऱ्या पिक्चरमधली." मी विचारलं, मग तू कुठं होतीस? "आक्का माझ्या मागं उभी होती की ओ." तर तू त्या चित्रात नाहीसच. सगळ्यांचे चेहरे मोठे करून ठेवलेस आणि स्वतः मागं राहिलीस. आता मी तुला कुठं बघू? एवढ्या पिक्चरमध्ये तुझा एक केस न्हाय. एका ठिकाणी फक्त तुझा आवाज आहे, बसूनं चुकून ठेवलेला. "छत्री वर धरा," म्हणतेस. ते तेवढं मी बसूकडनं तीन-चार वेळा ऐकून घेतलं.

लोक काय काय म्हणतात. माझा चुलतभाऊ म्हणतो, बायको आत मरून पडलीया आणि ह्यो बाहेर शूटिंग करतोय, शहापुरात असा निर्लज्ज झाला न्हाय. तुझे पिक्चर दाखवणारे ते बेळगावचे सर येऊन माझा हात धरून म्हणाले, फार मोठं काम झालंय. मला दोघांचंही कळलं न्हाय. मी काम पण केलं न्हाय आणि निर्लज्ज पण झालो न्हाय. सुंद्रा म्हणते ठेवा. तू काय म्हणाली असतीस? तुला केलेलं पाहिजे होतं. हे केलेलं न्हवतं. पण अगदीच खरं पण न्हवतं, कारण खरं जे होतं ते मी म्हणालोच न्हाय. तू सुद्धा गोंधळली असतीस, पैज.

बसूला मी 'ठेव' म्हणून सांगणार आहे. का, ते मला सांगता येत न्हाय. काढलं तर पिक्चर दारावरच थांबतो आणि ती बाई गल्लीतनं चालतच राहते, एवढं मला दिसतं. तुझा पिक्चर तसा लटकत राहिलेला मला चालणार न्हाय. चुकलं असेल तर चुकलेलं राहू दे, माझ्या नावावर.

तर त्या सकाळी काय झालं ते असं.

गल्लीतले माग बंद होते. करंट होता आणि तरी गल्ली गप होती. माणसं जमली, बाहेर तिरडीची ताटी बांधायला लागली. तुला आत सोप्यात, पुढच्या खोलीत ठेवलं होतं, हिरव्या साडीत. सुंद्रा पहिल्या गाडीनं आली, तुझ्या पायांवर पडून रडून झाली. बसू भिंतीला टेकून उभा होता, खांद्याला कॅमेऱ्याची पिशवी. मी पिशवीकडं बघितलं तर तो दचकला. म्हणाला, "आक्कानं सकाळचं बोलावलं होतं ओ. सवयीनं घेतली. तसलं काय न्हाय."

मी कट्ट्यावर जाऊन बसलो. जिथं तू बसवायचीस तिथं.

"बसू, लाव."

चुलतभाऊ पुढं आला. "आप्पा, डोकं ठिकाणावर हाय काय?"

"तिला शब्द दिलाय. उद्या म्हणतो म्हटलंय मी."

"कुणाला?"

"तुझ्या वैनीला. बाजूला हो, दिसतोयस मधी."

तो बाजूला झाला. सुंद्राला मी नुसतं गल्लीच्या तोंडाकडं बोट दाखवलं. ती "दाजी" म्हणाली, मग पदरानं तोंड पुसलं आणि गेली. लोक दोन्ही बाजूंना सरकले. बसूनं कॅमेरा मालूबाईच्या पायरीवर टेकवला. सुंद्रा तिकडनं चालत आली, तू शिकवलंस तशी, घाई न करता, चपला वाजवत. माझ्यासमोर थांबली. डोळे सुजलेले, पण आवाज न्हाय हलला तिचा. विडीवाली बाई ती, तिला काम माहीत.

"आक्का हाय काय घरात?"

वाक्य माझ्या तोंडात होतं. तीनच शब्द पुढं ढकलायचे होते. माझ्या पाठीमागं दार उघडं होतं आणि आतनं उदबत्तीचा वास येत होता. मी सुंद्राकडं बघितलं.

"हाय," मी म्हणालो. "ये की आत."

सुंद्रा उभीच राहिली. हे तिला कुणी शिकवलेलं नव्हतं. मग तिनं चपला काढल्या, कट्ट्याच्या कडेला नीट जोडून ठेवल्या, माझ्या शेजारून उंबरा ओलांडला आणि आत गेली.

बसू जवळ आला. कानाशी वाकून म्हणाला, "आप्पा, वाक्य चुकलं ओ. परत घ्यायचं काय?"

"न्हाय," मी म्हटलं, आणि विस्तवाचं मडकं उचलायला उठलो.